खुर्ची कंटिन्युइटीत आहे

८ जानेवारी

मिळाली! फिल्म मिळाली! आता पडद्यावर 'कला दिग्दर्शन' असं उमटेल आणि त्याच्याखाली एकट्या माझं नाव. इतकी वर्षं 'सहायक' म्हणून दुसऱ्यांच्या भिंती रंगवल्या, दुसऱ्यांच्या वाटच्या शिव्या खाल्ल्या. आता भिंतीही माझ्या आणि शिव्याही माझ्याच.

बाबांना सांगितलं. "छान झालं," म्हणाले आणि पेपरचं पान उलटलं. आई गेल्यापासून त्यांचं बोलणं दोन शब्दांवर आलंय. हो. नको. बरं. छान झालं. जन्मभर वीजखात्यात नोकरी केली आणि आता स्वतःचंच मेन स्विच पाडून बसलेत. पूर्वी हाच माणूस जेवता जेवता मला हसवून ठसका आणायचा. तो परत यावा एवढंच मला हवंय, फिल्मबिल्म त्याच्यानंतर. (फिल्मही हवीच आहे. इथे कशाला खोटं लिहा!)

१२ जानेवारी

गोष्ट साधी आहे. एकटा म्हातारा, त्याचं घर, आणि तो काही केल्या घराबाहेर पडत नाही. म्हणजे सगळी फिल्म त्या एका घरात. म्हणजे सेट बिघडला की फिल्म बिघडली, आणि बोट माझ्याकडे.

डायरेक्टर वयाने माझ्याहून लहान, बोलण्यात बाबांचा भाऊ शोभेल असा. आज एकच वाक्य बोलला. "खुर्ची अशी पाहिजे, की म्हातारा उठून गेला तरी तो बसलाय असं वाटलं पाहिजे." एवढं बोलून चहा प्यायला निघून गेला. मी आणि सेटचे सुतारकाका एकमेकांच्या तोंडाकडे बघत बसलो.

१९ जानेवारी

खुर्ची, खुर्ची, खुर्ची! जुन्या बाजारातली सगळी दुकानं पालथी घातली. सुतारकाकांनी एक नवी घडवली, मी तिला पॉलिश पेपरने घासलं, चहाच्या पाण्याने माखलं, तिच्या हातांना तेल चोपडलं. डायरेक्टरने तिच्याभोवती एक फेरी मारली आणि म्हणाला, "बघू." त्याचं 'बघू' म्हणजे 'नाही', हे आता सगळ्या युनिटला कळून चुकलंय. सुतारकाका म्हणाले, "मी आयुष्यात पुष्कळ खुर्च्या केल्या, पण बसलेला माणूस काही मला जोडता येत नाही बुवा."

वैतागून घरी आले तर समोर बाबा, त्यांच्या वेताच्या आरामखुर्चीत. खुर्चीचा डावा हात तळव्याने घासून घासून गुळगुळीत झालेला, उजव्या हातावर कपाची गोल खूण, मध्ये वेत बरोबर बाबांच्या मापाचा खचलेला. मी दारातच उभी राहिले. माझ्या नजरेतून काही म्हणता काही सुटत नाही, पण घरचीच खुर्ची इतके दिवस सुटली होती!

"बाबा, दोन दिवस खुर्ची द्याल?"

"मग मी कुठे बसू?"

"सोफ्यावर."

"बरं."

२७ जानेवारी

शूटिंग सुरू झालं आणि मी चांगलीच अडकले. डायरेक्टर खुर्चीच्या प्रेमात पडलाय. एका सीनपुरती आणली होती, त्याने सगळे सीन तिच्याभोवती फिरवले. आणि एकदा का वस्तू कॅमेऱ्यात आली की ती कंटिन्युइटीत गेली. शेवटच्या शॉटपर्यंत तिला जागेवरून हलवायचं नाही. कप हलला, पडदा सरकला, तर पडद्यावर म्हाताऱ्याच्या घरात भूत शिरल्यासारखं दिसतं.

बाबांना हे समजावून सांगितलं. सोफ्यावर बसून त्यांची पाठ धरलीय, त्यामुळे चेहरा आधीच लांब होता.

"म्हणजे खुर्ची येणार कधी?"

"शूटिंग संपलं की."

"मग मीच तिकडे येतो."

एवढं लांब वाक्य ऐकून मला इतका आनंद झाला की ही थट्टा आहे असं समजून मी खो खो हसले.

२८ जानेवारी

थट्टा नव्हती. बाबा पेपर आणि चष्मा घेऊन स्टुडिओत हजर. लायटिंग होईपर्यंत खुर्चीत बसले, शॉट लागला की उठले, शॉट संपला की परत बसले. फिल्मच्या म्हाताऱ्याचं काम करणारे नट त्यांना म्हणाले, "तुम्ही ऊबदार करून ठेवता ते बरं आहे हो!"

दुपारी बाबांना खुर्चीतच झोप लागली. पुढच्या शॉटसाठी आम्हाला समोरची भिंत काढायची होती (सेटच्या भिंती सुट्या असतात, कॅमेऱ्याला जागा लागेल तशा काढायच्या). उठवायचं कसं, म्हणून आम्ही तशीच काढली. बाबा जागे झाले तर समोर भिंत नाही, सगळं युनिट चहा पीत त्यांच्याकडे बघतंय. ते दचकून उठले आणि खुर्चीच्या खिळ्यात शर्ट अडकून टर्रकन फाटला.

वेशभूषेच्या बाईंनी तिथल्या तिथे शिवून दिला. यांना सगळे टाचणीताई म्हणतात, कारण सदानकदा ओठांत टाचण्या धरून बोलतात. नवरा जाऊन कित्येक वर्षं झाली, एकट्या राहतात, जीभ मात्र कात्रीहून धारदार. "अहो, हलू नका. टोचलं तर म्हणाल, बाईंनी टोचलं." बाबा पुतळ्यासारखे उभे. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कामाच्या ठिकाणी वडील आणि वडिलांचा फाटका शर्ट!

३ फेब्रुवारी

बाबा रोज येतात. सांगून उपयोग नाही, पाठीचं कारण पुढे करतात. पण घरी येताना गाडीत बोलतात! आज तर सबंध रस्ता बोलत होते. मेकअप कसा उतरवतात, सदऱ्याला जुनेपणा कसा आणतात, कापड दोनदा उकळतात म्हणे. मी म्हटलं, वा, माझ्या कामात रस घ्यायला लागले. बरं वाटलं.

एक तक्रार. त्यांच्या शर्टांची बटणं हल्ली फार तुटतात. एक दिवसाआड एक. टाचणीताई बिचाऱ्या काम सोडून लावून देतात, तेही अंगावरच.

७ फेब्रुवारी

आज मी बाबांचा शर्ट घेऊन दुकानदाराशी भांडायला गेले. त्याने माझ्यासमोर दोन बोटांनी बटण ओढून दाखवलं. तसूभर हललं नाही. "मॅडम, हे कात्रीशिवाय निघणारच नाही," म्हणाला. म्हणजे दोष इस्त्रीवाल्याचा. उद्यापासून इस्त्री दुसरीकडे.

११ फेब्रुवारी

आज अनर्थ होता होता टळला. सीन लागला, कॅमेरा फिरणार, एवढ्यात मी ओरडले, "थांबा! स्विचबोर्ड!" स्वयंपाकघरातला स्विचबोर्ड मी मुद्दाम तिरका लावलेला. एक खिळा निघालाय आणि दुरुस्त करायला कुणी नाही, असं ते घर. आज तो ओळंब्यात सरळ! दहा फुटांवरून मला दिसलं. डायरेक्टर चक्क म्हणाला, "नजर आहे तुमची." नाही तर आतापर्यंतचं सगळं शूटिंग आणि आजचं जुळलंच नसतं.

हा उपद्व्याप अर्थात बाबांचा. वीजखात्याचा माणूस, तिरका बोर्ड बघवेना. "अगं, पण मागे वायरच नाहीये," असं वर मलाच सांगतात.

"एवढ्या उंच चढलात कसे? स्टूल डुगडुगतं ते!"

"त्यांनी धरलं होतं."

टाचणीताई तिथेच उभ्या होत्या. एरवी माझ्या दोन शब्दांना चार ऐकवतात, आज टाचण्या तोंडात धरून गप्प. मी त्यांनाही झापलं. सेटवर लंचच्या वेळी कुणी थांबायचं नाही, असा नियम आहे, तिथे चहा पीत काय बसता म्हटलं. खुर्चीच्या हातावर कपाच्या दोन खुणा जास्तीच्या दिसल्या मला! पुसायला अर्धा तास गेला.

१६ फेब्रुवारी

बाबांनी केस कापले. नवी चप्पल घेतली. सकाळी दाढी करताना गुणगुणत होते. मी स्वयंपाकघरात उभी राहून ऐकत राहिले आणि मला रडूच आलं. किती दिवसांनी! फिल्म या धंद्याला लोक काय काय नावं ठेवतात, पण माझ्या बाबांना सेटनेच माणसांत आणलं. का, ते मला आज कळलं. आमचं घर आई गेल्यापासून नुसतं सामान ठेवायची जागा झालंय. सेटवर कसं, प्रत्येक वस्तू कुणीतरी मायेने मांडलेली. बाबांना मांडलेलं घर हवंय. आईच्या वेळी होतं तसं.

माझ्या डोक्यात एक कल्पना आलीय. आत्ता लिहीत नाही.

२४ फेब्रुवारी

शूटिंग संपलं. डायरेक्टरने माझा हात हातात घेतला आणि म्हणाला, "पुढची पण तुम्हीच." 'बघू' नाही म्हणाला! मी हवेत आहे.

२६ फेब्रुवारी

सेट मोडला. सुतारकाकांची माणसं भिंती उतरवत होती आणि बाबा, टाचणीताई कोपऱ्यात उभं राहून बघत होते. "एवढं चांगलं घर मोडायचं म्हणजे..." बाबा म्हणाले. टाचणीताई म्हणाल्या, "आपल्याला रोज बसायला मिळालं, ते काय कमी आहे?" दोघांचे चेहरे पडलेले. सेट मोडताना मलाही गलबलतं, पण त्यांचं जरा अतीच.

माझा बेत पक्का झाला. आमचं घर मी आईच्या वेळचं करणार. हुबेहूब. बाबांना न सांगता.

४ मार्च

जुने फोटो काढून सगळं टिपलं. पडदे त्याच रंगाचे रंगवून घेतले. आईचं फडताळ माळ्यावरून उतरवायचं ठरवलं. तिचा फोटो मोठा करून घेतला, भिंतभर. सुतारकाकांना मदतीला बोलावलं तर त्यांनी डोकं खाजवलं. "बाबांना विचारलंत का?"

"विचारलं तर सरप्राइज कसलं?"

"नाही म्हणजे... माणसाला विचारावं," म्हणाले. या वयात माणसं फार भित्री होतात.

बाबांनी मात्र आयतीच संधी दिली. म्हणाले, "उद्या दिवसभर बाहेर आहे. संध्याकाळी घरी थांबशील का? तुझ्याशी बोलायचंय." पेन्शनच्या कागदांचं असणार. मी म्हटलं, थांबते की!

५ मार्च

यशस्वी!

दिवसभर राबले. फडताळात आईचे डबे ओळीने, खुंटीला तिची पिशवी, खिडकीत तिची वेताची टोपली, टेबलावर तिचा चष्मा, जणू ती आत्ताच उठून गेलीय. खुर्चीच्या बरोबर वर फोटो. इंच न् इंच भरला. आयुष्यातलं माझं सगळ्यात चांगलं काम.

संध्याकाळी बेल वाजली. बाबा, इस्त्रीच्या शर्टात. मागे टाचणीताई, छान साडी नेसून, हातात मोठी पिशवी. वाटेत भेटल्या असाव्यात. मी "डोळे मिटा!" म्हणून दोघांना आत ओढलं.

बाबांनी डोळे उघडले आणि बघतच राहिले. मग त्यांचे डोळे भरून आले. टाचणीताई पिशवी छातीशी धरून दाराजवळच उभ्या. "हुबेहूब असणार," म्हणाल्या. "अगदी त्यांचंच घर." मी चहाचं विचारलं तर "काम आहे गं" म्हणून निघूनही गेल्या. बसल्यासुद्धा नाहीत.

"बाबा, तुम्हाला काय बोलायचं होतं?"

"काही नाही. छान झालं."

गहिवरले बिचारे.

९ मार्च

काहीतरी चुकतंय. बाबा परत दोन शब्दांवर आलेत. खुर्चीत बसतही नाहीत, सोफ्यावर बसतात. पाठ दुखत नाही का विचारलं तर "नाही". गुणगुणणं बंद. मी पडद्यांचा रंग पुन्हा फोटोशी ताडून पाहिला. रंग बरोबर आहे.

१२ मार्च

आज सुतारकाकांकडे फडताळाची बिजागरी घेऊन गेले. म्हटलं, काका, कुठे चुकलं कळत नाही, एवढं जीव ओतून केलं आणि बाबा मिटूनच गेलेत.

काकांनी रंधा खाली ठेवला. "ताई, रागावणार नसाल तर सांगतो. बाबा आणि टाचणीताई लग्नाचं बोलायला आले होते त्या दिवशी तुमच्याकडे."

मी हसले. मग काकांचं तोंड बघून थांबले. "कुणाला माहीत आहे हे?"

"सगळ्या युनिटला. चहा देणाऱ्यालासुद्धा. तुम्हीच काय ते..." त्यांनी रंधा परत उचलला.

बटणं! कात्रीशिवाय निघणार नाही, असं दुकानदार घसा फोडून सांगत होता. आणि मी, दहा फुटांवरून स्विचबोर्ड ओळखणारी, इस्त्रीवाला बदलून मोकळी झाले!

खरं लिहायचं तर आधी हसू आलं आणि मग राग आला. बाबांचा, टाचणीताईंचा, सगळ्या युनिटचा. आईच्या वतीने राग आला. रस्त्यात उभी राहून मी आईसाठी रडले, अगदी ती गेली त्या दिवसासारखी. मग घरी गेले. बाबा आईच्या फोटोकडे पाठ करून, सोफ्याच्या टोकाला बसले होते, परक्याच्या घरी आल्यासारखे. आणि माझा राग कुठल्या कुठे गेला. माझ्या बाबांना मी त्यांच्याच घरात पाहुणा करून ठेवलं होतं.

"बाबा, मला सांगितलं का नाहीत?"

"सांगणारच होतो गं ठमे. तू एवढं मांडून ठेवलं होतंस. वर तुझी आई बघत होती. माझी मलाच लाज वाटली."

"कसली लाज? आईला तुमची बटणं लावायचा कंटाळाच होता."

बाबांनी चमकून बघितलं आणि हसले. जरासेच. "तुम्ही त्यांना फोन करा" म्हटलं तर मान हलवली. "केला होता. म्हणाल्या, मुलीचं मन मोडायचं नाही. विषय बंद."

१३ मार्च

टाचणीताईंच्या खोलीवर गेले. सगळीकडे कापड, धागे, अर्धवट कोट. मला बघून त्यांनी तोंडातल्या टाचण्या काढून उशीला लावल्या, तेव्हा मी घाबरले. टाचण्यांशिवाय त्यांना कधी बघितलंच नव्हतं.

"मला माहीत नव्हतं," मी म्हटलं.

"तेवढं कळलं मला. चांगलं काम केलं होतंस हो. मी रागावले नाही."

"मग न बसता का गेलात?"

"बसू कुठे?" त्या म्हणाल्या. "एक खुंटी मोकळी नव्हती, एक कोपरा नव्हता. हातातली पिशवी खाली कुठे ठेवावी, हेसुद्धा मला कळेना. तेव्हा म्हटलं, बाई गं, इथे तुझी जागा नाही. ज्यांचं घर आहे त्यांचं त्यांच्यापाशी असू दे."

माफी मागितली. त्या म्हणाल्या, "नाक पूस. माझ्या कापडावर गाळू नकोस."

"परत या," मी म्हटलं. "बाबा सोफ्यावर बसतात हो. माझ्याच्याने बघवत नाही."

त्यांनी लगेच हो म्हटलं नाही. "आधी जागा कर," म्हणाल्या. "मग बघू."

हे 'बघू' डायरेक्टरचं नसावं, अशी आशा.

१५ मार्च

आज आमच्या घराचा सेट मोडला. बाबा आणि मी, दोघांनी मिळून. आईचे डबे, टोपली, चष्मा एकेक वस्तू हातात घेऊन बाबा तिची गोष्ट सांगत होते आणि मी ऐकत होते. कितीतरी मला माहीतच नव्हत्या. एकदा दोघंही रडलो, एकदा हसून हसून मला ठसका लागला. भिंतभर फोटो उतरवला, आधीचा लहान फोटो त्याच्या जागी राहिला. चार खुंट्या मोकळ्या झाल्या. बाबांनी त्या पुसूनही ठेवल्या.

३० मार्च

लग्नाच्या नोंदणीची तारीख पुढच्या महिन्यात आहे, पण टाचणीताईंनी आज शिलाई मशीन आधी पाठवलं आणि मागोमाग स्वतः बघायला आल्या. मशीनला पोपटी कव्हर, त्याला नारिंगी झालर, झालरीला चकचकीत टिकल्या. असा रंग मी कुठल्याच सेटवर येऊ दिला नसता.

"कुठे ठेवायचं?" बाबांनी विचारलं, आणि सवयीने सगळे माझ्याकडे बघायला लागले. सुतारकाकासुद्धा, मशीनचं एक टोक उचलून धरलेले. सवयीने माझंही बोट वर गेलं, आतल्या खोलीकडे, दाराआडच्या कोपऱ्याकडे. ते मी खाली घेतलं.

"तुम्ही सांगा," मी टाचणीताईंना म्हटलं.

त्यांनी घरभर नजर फिरवली. मग सरळ खिडकीपाशी गेल्या, बाबांच्या खुर्चीला लागून. "इथे. मला उजेड लागतो." मशीन ठेवलं. अर्धी खिडकी झाकली, खोलीतला सगळा उजेड त्या पोपटी कव्हरवर पडला आणि रंगसंगतीचा पार बोऱ्या वाजला. त्यांनी हातातली पिशवी मशीनवर टेकवली आणि माझ्याकडे बघितलं.

मी हात पाठीमागे घट्ट धरले आणि म्हणाले, "तिथेच राहू दे."